आधी नंबरचा कागद, मग फ्रेम

चष्म्याच्या दुकानातील तपासणी आणि चष्म्याचा खर्च यांविषयी या महिन्यात बरीच पत्रे आली. त्यांपैकी तीन पत्रे थोडी संक्षिप्त करून उत्तरांसह देत आहे.

प्रश्न : मी ६१ वर्षांचा, एसटीतून निवृत्त झालेला वाहक आहे. आमच्या गावात नव्याने उघडलेल्या चष्म्याच्या मोठ्या दुकानावर ‘डोळ्यांची मोफत तपासणी’ असा फलक पाहून मी व माझी पत्नी (वय ५७, आठ वर्षांपासून मधुमेह) आत गेलो. आधी यंत्रात बघायला लावून आणि मग अक्षरे वाचायला लावून दहा-बारा मिनिटांत दोघांचेही नंबर काढले. माझा लांबचा नंबर उणे सव्वादोन निघाला. पूर्वी मला लांबचा नंबर नव्हता. वाचायला चाळिशी लागत असे, पण गेले वर्षभर पेपर उघड्या डोळ्यांनी वाचता येतो, त्यामुळे डोळे सुधारले असेच मी समजत होतो. प्रोग्रेसिव्ह काचा (एकाच काचेत लांबपासून जवळपर्यंतचे नंबर), ब्लू कट (निळा प्रकाश अडवणारा थर) आणि अँटिग्लेअर (काचेवरची चमक कमी करणारा थर) असे मिळून दोघांच्या चष्म्यांचे १८,६०० रुपये सांगितले. नंबरचा कागद मागितला, तर ‘चष्म्याबरोबर देतो’ असे उत्तर मिळाले. या तपासणीवर विश्वास ठेवावा का, चष्मा तिथेच घ्यावा लागतो का आणि खर्च कमी कसा करता येईल?
— एक वाचक, सातारा जिल्हा

उत्तर : खर्चाकडे वळण्याआधी तुमच्या पत्रातील एका वाक्यापाशी मला थांबायचे आहे. चाळिशी सुटली आणि त्याच सुमारास लांबचे धूसर झाले, या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत. वय वाढते तसा डोळ्यातील नैसर्गिक भिंगाचा गाभा काही जणांमध्ये अधिक घट्ट होतो, त्यातून जाणारा प्रकाश अधिक वळतो आणि डोळा हळूहळू उणे नंबरकडे सरकतो. जवळचे अक्षर चष्म्याशिवाय दिसू लागते. समोरून येणाऱ्या गाडीची पाटी मात्र ती अगदी जवळ येईपर्यंत वाचता येत नाही. मोतीबिंदूच्या एका प्रकाराची सुरुवात पुष्कळदा अशीच होते आणि घरातली मंडळी ‘आजोबांना चष्मा लागत नाही’ म्हणून कौतुक करत राहतात. रक्तातील साखर वाढली तरी नंबर असाच उणेकडे जाऊ शकतो, म्हणून तुमची स्वतःचीही साखर एकदा तपासून घ्या. पत्रावरून निदान करता येत नाही, परंतु डोळ्यांच्या डॉक्टरांनी बाहुली मोठी करून तपासल्याशिवाय तुम्ही प्रोग्रेसिव्ह काचांवर पैसे घालू नयेत, एवढे मी निश्चित सांगेन. मोतीबिंदू असेल आणि काही महिन्यांत शस्त्रक्रिया करायची ठरली, तर आत बसवलेल्या कृत्रिम भिंगामुळे नंबर पूर्ण बदलतो आणि आज घेतलेल्या महागड्या काचा वाया जातात.

दुकानातली तपासणी खोटी असते, असे मी मुळीच म्हणणार नाही. चार वर्षांचा ऑप्टोमेट्रीचा (नजर तपासणीचा) अभ्यासक्रम पूर्ण केलेली व्यक्ती तिथे असेल आणि यंत्राने दिलेल्या आकड्यावर न थांबता ‘ही काच बरी की ती बरी’ असे विचारत एकेका डोळ्याचा नंबर पक्का करत असेल, तर तो नंबर मोठ्या रुग्णालयात काढलेल्या नंबराइतकाच चांगला असू शकतो. यंत्र केवळ अंदाज देते. यंत्राचा कागद फाडून थेट काचा मागवल्या जात असतील, तर तिथून उठावे. मात्र तपासणी उत्तम झाली तरी तिथे बहुधा नंबर पाहिला जातो, डोळा पाहिला जात नाही. डोळ्यातील दाब, आतला पडदा, भिंगाची स्थिती या गोष्टी त्या दहा मिनिटांत येत नाहीत. काचबिंदू तर असा आजार आहे की समोरची सगळी अक्षरे अचूक वाचणाऱ्या माणसाचीही कडेची नजर तो न कळत खात असतो.

तुमच्या पत्नीच्या बाबतीत हे अधिकच महत्त्वाचे आहे. मधुमेह असलेल्या प्रत्येकाने वर्षातून एकदा बाहुली मोठी करणारे थेंब घालून पडद्याची तपासणी करून घेतली पाहिजे, मग नजर कितीही स्वच्छ असो. पडद्यावरचे सुरुवातीचे बदल नजरेला जाणवत नाहीत आणि उपचाराचा सर्वांत जास्त उपयोग त्याच काळात होतो. शिवाय साखर फार वर-खाली होत असताना काढलेला नंबर टिकत नाही. साखर काही आठवडे स्थिर राहू द्या, मगच नंबर काढा. या तपासण्यांसाठी खाजगी दवाखान्याचा खर्च परवडत नसेल, तर जिल्हा रुग्णालयाच्या नेत्रविभागात जावे. अंधत्व नियंत्रणाचा राष्ट्रीय कार्यक्रम १९७६ सालापासून चालू आहे आणि सरकारी रुग्णालयांत मोतीबिंदूची शस्त्रक्रिया त्याखाली मोफत होते. थेंब घातल्यावर काही तास जवळचे धूसर दिसते आणि उजेड खुपतो, म्हणून दोघांनी एकाच दिवशी तपासणी न करता एकाने दुसऱ्याला घरी आणावे.

आता कागदाविषयी. मोफत तपासणीचा खर्च दुकान चष्म्याच्या विक्रीतून भरून काढते. त्यात गैर काही नाही, पण त्यामुळे तिथेच चष्मा घेण्याचे बंधन तुमच्यावर येत नाही. खुर्चीत बसण्याआधीच ‘नंबर लिहून मिळेल ना?’ असे विचारावे आणि मिळणार नसेल तर शे-दोनशे रुपये देऊन दुसरीकडे तपासावे. त्या कागदावर दोन्ही डोळ्यांचे नंबर, तिरका नंबर (सिलिंडर) असल्यास त्याचा अक्ष (कोन), जवळचा वाढीव नंबर आणि दोन बाहुल्यांमधले अंतर मिलिमीटरमध्ये असायला हवे. शेवटची नोंद पुष्कळदा गाळली जाते आणि नेमकी तीच नसल्यामुळे दुसऱ्या दुकानात अडते. हा कागद हातात आला की तीन दुकानांत भाव विचारता येतो.

१८,६०० रुपयांत काय काय आहे, ते फोडून मागा : फ्रेमचे किती, काचांचे किती, प्रत्येक थराचे किती. ब्लू कट मी काढून टाकेन. २०२३ साली या काचांवरील १७ चाचण्यांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला आणि त्यात डोळ्यांचा थकवा कमी होत असल्याचे दिसले नाही. अँटिग्लेअर मात्र रात्री समोरून दिवे येत असताना खरोखर उपयोगी पडते, ते ठेवावे. दोन-अडीच नंबरपर्यंत साधी प्लास्टिकची काच पुरते. ‘पातळ’ काचेचे जास्तीचे पैसे त्यापुढच्या नंबरांसाठी राखून ठेवावेत. तुम्ही वाचन उघड्या डोळ्यांनी करू शकता, तेव्हा तपासणीत दुसरे काही निघाले नाही, तर तुम्हाला केवळ लांबचा साधा चष्मा पुरेल आणि पेपर वाचताना तो काढून ठेवता येईल. पत्नींना दोन्ही नंबर लागत असतील, तर डी बायफोकल (वर लांबचा आणि खाली इंग्रजी डीच्या आकाराच्या भागात जवळचा नंबर असलेली काच) हा प्रोग्रेसिव्हपेक्षा बराच स्वस्त आणि अनेकांना लवकर सवय होणारा पर्याय आहे. जिना उतरताना खालच्या भागातून पायरी धूसर दिसते, तेव्हा मान झुकवून वरच्या भागातून पाहायची सवय पहिल्या आठवड्यात मुद्दाम लावावी लागते. नजरेच्या चष्म्यावरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला आहे, हे बिलावर पाहून घ्या. बिल न देणे ही २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार अनुचित प्रथा आहे आणि तक्रारीसाठी १९१५ हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक आहे.

जिथे काटकसर करू नये ती जागा म्हणजे मापे. माझ्याकडे एक आजी आल्या होत्या. नवा प्रोग्रेसिव्ह चष्मा लावून पोथी वाचताना त्या हनुवटी इतकी वर उचलत की मान दुखू लागली होती. नंबर बरोबर होता, काचही चांगल्या प्रतीची होती. पण फ्रेम नाकावर बसवून, समोर बसून, बाहुलीसमोर पेनाने खूण करण्याचे काम कोणी केलेच नव्हते आणि वाचायचा भाग चार मिलिमीटर खाली गेला होता. फ्रेम बदलली की हे माप बदलते. ते घेतल्याशिवाय काचांची ऑर्डर देऊ देऊ नका. चष्मा मिळाल्यावर त्याच दुकानातील लेन्सोमीटरवर (काचेचा नंबर मोजणाऱ्या यंत्रावर) तो ठेवून आकडे कागदाशी ताडून दाखवायला सांगा. त्याला दोन मिनिटेही लागत नाहीत.

प्रश्न : माझा मुलगा पाचवीत आहे. फळ्यावरचे दिसत नाही असे शाळेतून कळल्यावर जवळच्या दुकानात दाखवले, तर उणे पावणेदोन नंबर सांगितला. एवढ्या लहान वयात चष्मा लावला की नंबर वाढतच जातो, असे सासूबाई म्हणतात. शिवाय तो फ्रेम तोडणार, म्हणून अगदी स्वस्तातला चष्मा घ्यावा असे वाटते.
— एक आई, नांदेड

उत्तर : मुलाचा पहिला नंबर दुकानात काढू नये. लहान मुलांच्या डोळ्यातील भिंगाचा स्नायू इतका जोरकस असतो की यंत्रात पाहताना ते नकळत नजर जवळ आणतात आणि उणे नंबर खऱ्याहून जास्त निघतो. थेंब घालून तो स्नायू सैल केला की खरा आकडा कळतो, आणि हे डॉक्टरांकडेच होते. दुकानात सांगितलेल्या नंबराची काच करून घेण्याआधी हे एकदा करून घ्याच. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक शाळेत येते. त्यांच्याकडून जिल्हा किंवा उपजिल्हा रुग्णालयाची चिठ्ठी मिळू शकते आणि शाळकरी मुलांना मोफत चष्मा देण्याची तरतूदही अंधत्व नियंत्रणाच्या राष्ट्रीय कार्यक्रमात आहे, ती मुख्याध्यापकांकडे मोकळेपणाने विचारावी.

सासूबाईंची काळजी मायेपोटी आहे, पण योग्य चष्म्यामुळे नंबर वाढत नाही. वाढत्या वयात डोळ्याची लांबी वाढते, म्हणून तो वाढतो; चष्मा न लावणे किंवा मुद्दाम कमी नंबरचा लावणे याने तो थांबत नाही, फक्त मुलाला फळा दिसत नाही. रोज सुमारे दोन तास घराबाहेर दिवसाच्या उजेडात खेळणे मात्र डोळ्यांच्या खरोखर हिताचे आहे.

फ्रेम खुशाल स्वस्त घ्या, दोन घ्या. काच मात्र पॉलिकार्बोनेटची (मजबूत प्लास्टिकची) असू द्या, कारण चेंडू लागला तर ती सहसा फुटून डोळ्यात जात नाही. चष्मा नाकावरून घसरत असेल तर मुलगा वरून बघतो आणि पैसे फुकट जातात. काड्या कानामागे नीट वळवून घ्या. दर सहा महिन्यांनी नंबर पाहा.

प्रश्न : मी ४६ वर्षांची असून घरी ब्लाऊज शिवते. सुईत दोरा ओवायला सुनेला हाक मारावी लागते. बसस्थानकाबाहेर १५० रुपयांत मिळणारा तयार चष्मा घेतला तर डोळे बिघडतील का?
— एक वाचक, सोलापूर

उत्तर : डोळे बिघडणार नाहीत. तयार चष्म्यात दोन्ही काचा सारख्या नंबरच्या असतात आणि तिरका नंबर नसतो. तुमचे दोन्ही डोळे सारखे असतील आणि लांबचे स्वच्छ दिसत असेल तर तो चालतो, नसेल तर डोके दुखते. म्हणून एकदा नंबर काढून घ्या, आणि चाळिशी ओलांडल्यामुळे दाब व पडदाही एकदा दाखवून घ्या. पुढे चष्मा कुठूनही घ्या. आसामातील चहामळ्यांत चाळिशीपुढच्या ७५१ कामगारांवर झालेला एक अभ्यास २०१८ साली प्रसिद्ध झाला. ज्यांना साधा जवळचा चष्मा दिला त्यांची पानांची खुडणी, चष्मा न मिळालेल्यांच्या तुलनेत, सुमारे पाचव्या हिश्श्याने जास्त वाढली. शिवणकामही नजरेचेच काम आहे, तेव्हा हा खर्च पुढे ढकलू नका.

एक गोष्ट मात्र दुकानात कोणी विचारणार नाही, ती तुम्ही सांगायची. तपासणीत जवळचा नंबर साधारण ४० सेंटिमीटरवर, पुस्तक धरतो तितक्या अंतरावर काढतात. मशीनवर बसून, नेहमीसारखे वाकून, डोळ्यापासून सुईपर्यंतचे अंतर आपल्याच टेपने मोजा आणि तो आकडा सांगा; अंतर जास्त असेल तर नंबर थोडा कमी लागतो, आणि तो न सांगितल्यामुळे कित्येक जणी पुढे वाकून पाठ दुखवून घेतात. जाताना काळ्या कापडाचा तुकडा, काळा दोरा आणि रोजची सुई पिशवीत असू द्या. चाचणीच्या काचा डोळ्यांवर असतानाच, त्या मोजलेल्या अंतरावर दोरा ओवून पाहा आणि काळ्यावर काळा टाका दिसतो का ते बघा.