लाउडनेस या जपानी मेटल बँडचे जुने अल्बम फ्लॅकमध्ये (लॉसलेस, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळणाऱ्या फायलींत) जमवायचेत, एकाच अल्बमच्या दोन-दोन फायली सापडतात, खरी कुठली?

दोन्ही खऱ्या असू शकतात, या बँडच्या बाबतीत हे आधी लक्षात घ्या. १९८४ चा डिसइल्यूजन आधी जपानीत आला आणि त्याच वर्षी इंग्रजीतही. १९८६ चा शॅडोज ऑफ वॉर बाहेरच्या देशांत लायटनिंग स्ट्राइक्स नावाने निघाला, पण मिक्स वेगळा आणि गाण्यांचा क्रमही वेगळा. हरिकेन आइज पण दोन्ही भाषांत आहे. मी दोन्ही ठेवतो, कारण गायक निहारा जपानीत गातो तेव्हा मला तो जास्त मोकळा वाटतो. म्हणून फोल्डरच्या नावात वर्ष, देश आणि सीडीवरचा कॅटलॉग नंबर टाकाच, नाहीतर सहा महिन्यांनी तुम्हालाच कळणार नाही कुठलं काय आहे.

आता दुसरी गोष्ट, नाव फ्लॅक आहे म्हणून आतला माल लॉसलेस असेलच असं नाही. मला एकाने थंडर इन द ईस्ट दिला होता, हेडफोन लावून ऐकतोय तर ड्रमर हिगुचीचे सिंबल नुसते फसफसतायत, शेवटी स्पेक या आवाजाचा आलेख दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये फाईल उघडली तर १६ किलोहर्ट्झच्या वर सगळं काळं, सुरीने कापल्यासारखी सरळ रेघ. १२८ केबीपीएसची एमपीथ्री फ्लॅक करून ठेवलेली. एकदा गेलेला आवाज असा परत येत नाही हो, फक्त फाईल जड होते.

त्यापेक्षा जुनी वापरलेली जपानी सीडी घ्या आणि स्वतः रिप करा, म्हणजे कॉम्प्युटरवर उतरवा. त्यासाठी एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी हे सॉफ्टवेअर फुकट आहे, त्यात सिक्युअर मोड (चुका तपासत वाचणारा) लावा, अ‍ॅक्युरेटरिपशी, म्हणजे इतरांच्या रिपच्या ऑनलाइन नोंदींशी, जुळलं तर प्रश्नच मिटला, पण प्रेसिंग (सीडीची ती छपाई) दुर्मिळ असेल तर त्यांच्याकडे नोंदच नसते, मग टेस्ट अँड कॉपी करून, म्हणजे ट्रॅक दोनदा वाचून, दोन्ही वेळचा सीआरसी (डेटावरून निघणारा तपासणीचा आकडा) एकच येतोय का बघा आणि रिपचा लॉग जपून ठेवा. ८० च्या दशकातल्या काही जपानी सीडींवर प्री-एम्फसिस असतं, म्हणजे वरचे स्वर मुद्दाम वाढवलेले असतात, ते रिप करताना काढलं नाही तर आवाज चिरका लागतो, लोक उगाच मास्टरिंगला दोष देतात.

सुरुवात १९८५ च्या थंडर इन द ईस्टनेच करा. जुनं प्रेसिंग आणि रीमास्टर दोन्ही मिळाले तर दोन्हींचा व्हॉल्यूम सारखा करून मगच त्यातलं क्रेझी नाइट्स हे गाणं लावा, कारण जो मोठ्याने वाजतो तो पहिल्यांदा नेहमीच भारी वाटतो.