रुथेनियन म्हणजे रशियन का?

प्रश्न असा आला आहे: कॅनडात स्थायिक झालेल्या एका युक्रेनी कुटुंबाच्या आठवणी मराठीत आणताना पणजोबांच्या जुन्या कागदांत कुठे 'रुथेनियन', कुठे 'गॅलिशियन', तर कुठे चक्क 'ऑस्ट्रियन' असं लिहिलेलं सापडतं. 'युक्रेनियन' कुठेच नाही. मग 'रुथेनियन'ला 'रशियन' म्हटलं तर चालेल का?

नाही चालणार. पाचपन्नास वर्षं ज्यांना 'आम्ही रशियन नाही' हे सांगत बसावं लागलं, त्यांच्यावर आपण मराठीत पुन्हा तोच शिक्का मारू.

गोंधळाचं मूळ 'रुस' या शब्दात आहे. मध्ययुगात कीव्ह ही राजधानी असलेल्या राज्याचं नाव 'रुस'. तिथल्या लोकांचे पश्चिमेकडचे वंशज स्वतःला 'रुसिन' आणि आपल्या भाषेला 'रुस्की' म्हणत राहिले. या रुसिनांना लॅटिनमध्ये 'रुथेनी' म्हणत, त्यावरून जर्मनमध्ये 'रुथेनेन' आणि इंग्रजीत 'रुथेनियन' आलं. मॉस्कोच्या राज्याने 'रशिया' हे नाव घेतलं तेही त्याच रुसवरून. युक्रेनी भाषेत आजही रुसचा तो 'रुस्की' आणि रशियाचा तो 'रोसीस्की', असे दोन वेगळे शब्द आहेत. आपल्याकडे हिंदीतून 'रूस' म्हणजे रशिया हे कानात इतकं पक्कं बसलेलं आहे की 'रुसिन' वाचताक्षणी रशियन डोळ्यांपुढे येतो. त्यात वाचकाची चूक नाही, पण भाषांतरकाराने सावध राहायला हवं.

आता कागदांकडे. 1891 साली इव्हान पिलिपिव्ह आणि वासिल एलेनियाक हे नेबिलिव्ह गावचे दोघे शेतकरी कॅनडात उतरले. युक्रेनी वसाहतीचा आरंभ तिथून धरतात. त्यांचं गाव गॅलिशिया प्रांतात, म्हणजे बव्हंशी आजच्या पश्चिम युक्रेनमध्ये, होतं. 1772 साली पोलंडची पहिली फाळणी झाली तेव्हापासून हा मुलूख ऑस्ट्रियाच्या ताब्यात. म्हणजे प्रजा ऑस्ट्रियाची, प्रांत गॅलिशिया, आणि माणूस स्वतःच्या तोंडाने रुसिन. कारकुनाने यांतलं काय टिपलं ते त्याच्या प्रश्नावर आणि मर्जीवर होतं. 1895 मध्ये गॅलिशियातले शेतीतज्ज्ञ ओसिप ओलेस्किव्ह यांनी कॅनडातल्या मोकळ्या जमिनींची माहिती देणारी पुस्तिका काढली. 10 डॉलर भरले की 160 एकर, ही बातमी दोन-चार एकरांचे तुकडे कसणाऱ्या गावांत पोचल्यावर लोक निघणारच. 1914 पर्यंत सुमारे 1 लाख 70 हजार जण गेले.

यांत शेजारच्या बुकोविना प्रांतातलेही बरेच होते. ते पंथाने ऑर्थोडॉक्स, तर गॅलिशियाचे ग्रीक कॅथलिक (विधी ऑर्थोडॉक्स धाटणीचे, पण पोपला मानणारे), त्यामुळे चर्चवरून आपसांत कुरबुरी होत. कॅनडाच्या माळरानावर मात्र सगळे सरसकट 'गॅलिशियन', आणि त्या शब्दात हेटाळणीही असे. मुंबईत एकेकाळी दक्षिण भारतातला प्रत्येक माणूस 'मद्रासी' असायचा, तसंच काहीसं.

'ऑस्ट्रियन' ही नोंद पुढे फार महागात पडली. 1914 मध्ये महायुद्ध पेटलं आणि ऑस्ट्रिया-हंगेरी शत्रुराष्ट्र ठरलं. कॅनडात सुमारे 80 हजार जणांना शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून नोंदणी करून वेळोवेळी हजेरी द्यावी लागली, आणि 8,579 जण छावण्यांत डांबले गेले. दोन्हींत युक्रेनी लोकांचा भरणा मोठा. बॅन्फच्या डोंगरातली कॅसल माउंटन ही त्यांतलीच एक छावणी. म्हणून कागदावर 'ऑस्ट्रियन' असेल तिथे मराठीतही 'ऑस्ट्रियन'च ठेवा. तो शब्द गेला तर पणजोबांना का पकडलं, हेच वाचकाला कळणार नाही.

'युक्रेनियन' हे नाव मग केव्हा रुळलं? गॅलिशियात 1890 साली स्थापन झालेला रॅडिकल पक्ष 'रुस्को-युक्रेनी' असं जोडनाव लावत होता. सावधपणे जुनं नावही धरून. परदेशातही तसंच झालं. अमेरिकेत पेनसिल्व्हेनियातल्या शामोकिन या कोळशाच्या गावात 1894 मध्ये खाणकामगारांच्या विमा-मदतीसाठी निघालेली संघटना 'रुस्की' नावाची होती, 1914 मध्ये ती 'युक्रेनी' झाली. कॅनडात विनिपेगमध्ये 1905 साली निघालेली शिक्षक-प्रशिक्षण शाळा 'रुथेनियन', पण त्याच शहरात 1910 साली सुरू झालेलं वृत्तपत्र 'युक्रेनी आवाज'. पाचच वर्षांचं अंतर! माणसं बरीचशी तीच, पाटी मात्र बदललेली. ही अदलाबदल तुमच्या कुटुंबाच्या कागदांतही सापडेल, आणि मला विचाराल तर त्या आठवणींतला सर्वांत वाचनीय भाग तोच असेल.

तेव्हा निवेदनात 'युक्रेनी' लिहा. कागदातला मजकूर उद्धृत करताना तिथला शब्द जसाच्या तसा द्या, आणि पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात खुलासा करा. 'गॅलिशिया'बरोबर 'पश्चिम युक्रेन' असं जोडलेलं बरं, कारण याच नावाचा एक प्रांत स्पेनमध्येही आहे आणि या दोघांचा काही संबंध नाही.

एक अपवाद. कुटुंब कार्पेथियन डोंगरातल्या, विशेषतः आजच्या स्लोव्हाकियातल्या गावांतून आलेलं असेल तर आधी त्यांनाच विचारा. तिकडचे बरेच लोक आजही स्वतःला रुसिनच म्हणवतात आणि युक्रेनींहून वेगळे मानतात. चित्रकार अँडी वॉरहॉलचे आईवडील अशाच एका गावातून पिट्सबर्गला गेले होते. अशांना परस्पर 'युक्रेनी' करून टाकू नका.