किल्पेकचे चर्च पाहण्यापूर्वी

इंग्लंडच्या हेरफर्डशायर परगण्यातील किल्पेक गावचे चर्च आपण प्रथमच पाहणार असाल, तर आत शिरण्याची घाई करू नये. सुमारे ११४० साली तांबड्या वालुकाश्मात बांधलेल्या या लहानशा वास्तूचे वैभव, माझ्या मते, बाहेरच अधिक आहे. दक्षिण दारापाशी स्वस्थ उभे राहावे. कमानीखालच्या अर्धवर्तुळाकार शिळेवरील वेल, खांबांवरचे सर्प आणि वेलींत गुंतलेले योद्धे तिरप्या उन्हात विशेष उठून दिसतात. मग छपराच्या कडेखालील ८० हून अधिक कोरीव दगड दुर्बिणीने एकेक करून न्याहाळावेत. शेजारी बसलेले कुत्रा आणि ससा मला फार प्रिय आहेत, परंतु प्रत्येक आकृतीला लगेच धार्मिक अर्थ चिकटवू नये. आतील कमानीवरील संतमूर्ती त्यानंतर पाहाव्यात.