आवाज खाली करू नकोस

प्रिय पोरी,

तुझा फोन ठेवला आणि रात्रभर डोळा लागला नाही. नर्मदाकाठच्या आजींचं, त्यांच्या पावरी बोलीतलं चाळीस तासांचं शूटिंग हाताशी, आणि विचारतेस काय, तर “पावरी कुणाला कळणार? वर निवेदन टाकू का?” पैसे देणाऱ्यांना वीस मिनिटांत शुद्ध मराठीत सगळं हवंय, हे कळलं. तरी राग आला. कारण या प्रश्नाचं चुकीचं उत्तर मी एकदा देऊन बसलोय.

धुळ्याकडे पांझरा नदीकाठी फड पद्धतीवर, म्हणजे गावाने मिळून पाटाचं पाणी वाटून घ्यायच्या जुन्या रीतीवर, फिल्म करत होतो. एका फडात सगळ्यांचं पीक एकच, आणि पाणी देणार पाटकरी. शेतकऱ्याने स्वतः बारं, म्हणजे शेतात पाणी घ्यायचं पाटाचं तोंड, फोडायचं नाही. तिथले पाटकरी बाबा रात्री पाटाच्या कडेला बसून नुसते ऐकायचे. कुठे पाट फुटला, कुणी चोरून पाणी वळवलं, आवाजावरून सांगायचे. एकदा बोलता बोलता उठले, चिखल-पाल्याचा गोळा पायाने भगदाडात दाबला, पुन्हा कान दिला आणि मगच अर्धं राहिलेलं वाक्य अहिराणीत पुरं केलं.

एडिटला बसल्यावर मी त्यांचा आवाज खाली केला. वर भारदस्त निवेदन चढवलं, ‘खान्देशातील पारंपरिक सिंचनव्यवस्था’.

वाहिनीची अट होती. घरात हप्ते थकले होते. तेव्हा सगळेच असं करायचे. हे सगळं खरं आहे, पण आवाज कमी-जास्त करायच्या फेडरवर बोट माझं होतं.

खूप वर्षांनी गेलो तर बाबा नव्हते. मुलाने एवढंच विचारलं, “मना बापना आवाज शे का?” मूळ कॅसेटींना बुरशी लागली होती. उरलेल्या फिल्ममध्ये बाबांचे ओठ हलतात आणि आवाज दुसऱ्याचाच येतो.

म्हणून सांगतो, आवाज खाली करू नकोस. सबटायटल दे, फिल्म लांबू दे, पैसे परत करावे लागले तर कर. तुझ्या आजी ‘धुळ्याला मोर्चा नेला’ म्हणतात, निवेदक तिथे ‘नंदुरबार’ करून टाकेल. त्यांच्या भागातल्या मणिबेली गावात सरदार सरोवर धरणाचं पाणी शिरलं १९९३ साली, धुळ्यातून वेगळा नंदुरबार जिल्हा झाला १९९८ साली. आजींचं ‘धुळं’ बरोबर आहे! त्या एका शब्दात त्यांची किती पायपीट आहे, ते कोणत्या निवेदनात बसवणार आहेस?

त्यानंतर दोन कामं मी याच हट्टापायी सोडली. लोक आडमुठा म्हणतात. म्हणोत. ‘प्रेक्षकाला कळणार नाही’ हे मात्र माझ्यासमोर पुन्हा काढू नकोस. प्रेक्षक थांबतो गं, आपल्यालाच धीर नसतो.

पहिला कट झाला की आधी नुसता साउंड पाठव. चित्र नको, सबटायटलही नको. आणि मूळ फुटेज आजच दोन हार्ड डिस्कवर टाक, एक धडगावात आजींच्या नातवाकडे ठेव.

तुझा,
काका