मॅथ्यू हेन्सनची गोष्ट मुलीला किती सांगायची?

परदेशात राहणाऱ्या मराठी आईवडिलांकडून एक प्रश्न मला वरचेवर येतो, आणि हल्ली इथल्या पालकांकडूनही येऊ लागलाय. गुलामगिरी, वर्णभेद, काळ्या माणसांवर झालेला अन्याय, हे सगळं आठ-नऊ वर्षांच्या मुलांना सांगायचं का? कोवळं वय आहे, आत्तापासून मनात विष कशाला कालवायचं? माझं उत्तर ‘सांगायचं’ असंच आहे. पण किती आणि कसं, हे नुसत्या सल्ल्याने कळत नाही, म्हणून एका घराची हकिगत सांगते. घरच्यांची परवानगी घेतली आहे आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

हे कुटुंब अमेरिकेत, मेरीलँड राज्यात राहतं. मुलगी चौथीत. त्यांच्या भागात झाडीतून जाणारी एक पायवाट आहे, तिला मॅथ्यू हेन्सन या ध्रुवप्रवाशाचं नाव दिलंय. फेब्रुवारीत तिकडे कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचा महिना पाळतात. शाळेत पोस्टर करायचं होतं, तर मुलीने पाटीवर नेहमी दिसणारं नाव निवडलं. पोस्टरचं कौतुकही झालं. मग काही दिवसांनी आईच्या लक्षात आलं, की लेक चित्रात स्वतःला फिकट गुलाबी रंगवतेय. मुलगी चांगली सावळी. एका रात्री झोपताना ती म्हणाली, “मी गोरी असते तर मला एवढं थांबावं लागणार नाही ना?”

आई गडबडली. “छे गं, आता तसं काही राहिलेलं नाही. आणि हेन्सनला शेवटी मिळालंच ना मेडल!” असं म्हणून तिने दिवा मालवला आणि दुसऱ्या दिवशी मला लिहिलं. शाळेने हा विषय द्यायलाच नको होता का, असं तिला विचारायचं होतं.

आता हेन्सनबद्दल थोडं सांगायला हवं, कारण आपल्याकडे हे नाव फारसं कुणाला ठाऊक नाही. जन्म १८६६चा, मेरीलँडमधलाच. लहानपणीच पोरका झाला, बारा-तेराव्या वर्षी जहाजावर पोऱ्या म्हणून लागला आणि तिथल्या कप्तानाकडून लिहायला-वाचायला शिकला. पुढे वॉशिंग्टनमध्ये एका टोप्यांच्या दुकानात काम करत असताना नौदलातल्या रॉबर्ट पीअरीची गाठ पडली. पीअरीने त्याला घेतलं ते हरकाम्या नोकर म्हणून. १८९१पासून दोघे उत्तरेकडच्या बर्फात जायला लागले आणि जवळजवळ अठरा वर्षं जात राहिले. हेन्सन तिथल्या मूळ रहिवासी इनुइट लोकांची भाषा बोलायला शिकला, त्यांच्याकडून कुत्र्यांची घसरगाडी हाकायला आणि बांधायला शिकला. पीअरीच्या पायांची बहुतेक बोटं हिमदंशाने गेली होती, तेव्हा शेवटच्या मोहिमेत तो बराचसा प्रवास घसरगाडीत बसून करत होता आणि वाट काढायला पुढे असायचा हेन्सन. ६ एप्रिल १९०९ रोजी उत्तर ध्रुवावर पोहोचल्याचं त्यांनी सांगितलं. सोबत चार इनुइट होते: ऊटा, एगिंगवा, सीग्लू आणि ऊकेआ.

परत आल्यावर पीअरी रिअर अ‍ॅडमिरल झाला. हेन्सनने काही काळ मिळेल ते काम केलं, मग १९१३मध्ये राष्ट्राध्यक्ष टाफ्ट यांच्या शब्दावर त्याला न्यूयॉर्कच्या जकात कार्यालयात साधी नोकरी लागली आणि तिथूनच तो निवृत्त झाला. संशोधक-प्रवाशांच्या क्लबने त्याला सदस्य करून घेतलं ते १९३७ साली. १९५५मध्ये तो वारला. पीअरीजवळ, आर्लिंग्टनच्या राष्ट्रीय दफनभूमीत त्याची कबर हलवली गेली १९८८ साली. आणि नॅशनल जिऑग्राफिक सोसायटीचं हबर्ड पदक, जे पीअरीकडे १९०६पासूनच होतं, ते हेन्सनला मिळालं २०००मध्ये.

मुलीची माझ्याशी व्हिडिओवर भेट झाली तेव्हा आई शेजारी बसली होती. मी म्हटलं, मला काहीच माहीत नाही असं समज आणि गोष्ट सांग. तिने सगळं घडाघडा सांगितलं. मग विचारलं, यातलं तुला न आवडलेलं काय? क्षणभरही न थांबता ती म्हणाली, “बार्टलेट.”

बॉब बार्टलेट हा त्यांच्या जहाजाचा कप्तान. गोरा. बर्फावरच्या तुकड्या एकेक करून मागे पाठवल्या जात होत्या, त्यात शेवटी परतलेला हा. त्याला ते हबर्ड पदक १९०९मध्येच देण्यात आलं. बाईसाहेबांनी वजाबाकी करून ठेवली होती: एक्क्याण्णव वर्षं. “तो तर शेवटपर्यंत गेलाच नव्हता! आणि आई म्हणते शेवटी मिळालं. हेन्सन तर मेला होता.”

पालक नेमके इथे घाई करतात. अन्यायाची गोष्ट सांगायला सुरुवात करतात आणि मुलाचा चेहरा उतरला की पटकन गोड शेवटाकडे पळतात. नऊ वर्षांच्या मुलाला न्याय-अन्यायाचं गणित मोठ्यांपेक्षा कडक समजतं. घरात केक कापताना बघा. हिशेब जुळत नसताना तुम्ही ‘जुळला’ म्हणालात, तर मूल दोनच गोष्टी धरून चालतं: आई खोटं बोलतेय, किंवा कारण इतकं वाईट आहे की आईला ते उच्चारवत नाही. दुसऱ्या वाटेने गेलेलं मूल ते कारण स्वतःच्या कातडीत शोधतं.

मी तिला एका कागदावर दोन रकाने करायला सांगितले. एकात ‘हेन्सनने काय केलं’, दुसऱ्यात ‘इतरांनी काय केलं’. भाषा शिकला, पहिल्यात. गाडी बांधली, पहिल्यात. क्लबात अठ्ठावीस वर्षं घेतलं नाही? तिची पेन्सिल थांबली. मग दुसऱ्यात. पदक दिलं नाही? दुसऱ्यात. काळा होता? हे कुठे लिहायचं ते तिला ठरवता येईना. मी म्हटलं, राहू दे, ते कुणी ‘केलेलं’ नाहीच. तिने ते खोडून टाकलं. चूक कुणाची, हे मी सांगितलं नाही. कागदावर दिसतच होतं.

मग तिने विचारलं, पीअरी वाईट माणूस होता का? मी तिला एक गोष्ट सांगितली जी पोस्टरवर नव्हती. मोहिमेच्या आपल्या वृत्तांतात पीअरीने हेन्सनच्या गाडी हाकण्याचं भरभरून कौतुक केलंय. आणि त्याच जागी असंही लिहिलंय, की बार्टलेटसारख्यांकडे वंशाने आलेलं धाडस आणि पुढाकार हेन्सनकडे नाही, त्यामुळे तुकडी एकट्याने परत आणणं त्याला जमलं नसतं. ज्याच्या भरवशावर जीव टाकून बर्फावर गेला, त्याच्याबद्दल हे. ती म्हणाली, “पण पुढे तर हेन्सन चालत होता!” हो. पीअरीला ते रोज दिसत होतं आणि तरीही त्याने तसं लिहिलं. वर्णभेद समजावणारी जाडजूड व्याख्यानं मी ऐकली आहेत. त्यापेक्षा हा एक परिच्छेद मुलांना लवकर कळतो.

आईने नंतर एकटीने विचारलं, मग बाकीचंही सांगायचं का? इनुइट बायकांपासून या दोघांना झालेली मुलं, १८९७मध्ये पीअरीने न्यूयॉर्कच्या संग्रहालयात आणलेले सहा इनुइट आणि त्यातले थोड्याच काळात दगावलेले चौघे? मी म्हटलं, आत्ता नको. विचारलं तर खोटं बोलू नका, पण आपणहून बारा-तेराव्या वर्षापर्यंत थांबा. मात्र हेन्सनला ‘ध्रुवावर पोहोचलेला पहिला माणूस’ करून टाकण्याचा मोह आवरा. ते खरोखर नेमक्या ध्रुवावर पोहोचले होते का, यावर अभ्यासकांचे मतभेद आहेत आणि मोजमापाच्या नोंदी अपुऱ्या आहेत. अन्याय झाला हे पटवायला हेन्सन पहिला असावा लागत नाही. या बोलण्यातून पोस्टरवर एक भर पडली, तीही मुलीच्याच डोक्यातून: चारही इनुइटांची नावं. हेन्सनला विसरले म्हणून रागावलेल्या पोस्टरवर त्यांना जागाच नव्हती.

इथवर सोपं होतं. अवघड भाग घरातला. मी आईला विचारलं, गोरेपणाबद्दल घरात काय बोललं जातं? काहीच नाही, असं उत्तर आलं. मग हळूहळू निघालं. छत्रपती संभाजीनगरहून आजी दर रविवारी फोनवर म्हणतात, “उन्हात खेळू नकोस, काळवंडशील.” मामासाठी मुली बघणं चालू आहे, त्यात ‘रंग उजळ आहे’ हे आधी येतं. वाढदिवसाच्या फोटोत मुलीची एक आफ्रिकन-अमेरिकन मैत्रीण होती, तिच्यावर आजी काही बोलल्या, आणि आईवडिलांनी हसून विषय बदलला. मुलीला मराठी कळत नाही असा त्यांचा समज होता. मुलांना कळू नये असं वाटतं तेवढं मराठी मुलांना बरोबर कळतं.

म्हणजे शाळेच्या पोस्टरने मुलीला नवं काही शिकवलं नव्हतं. घरातून जे ऐकत आली, त्याला पुरावा मिळाला, इतकंच. अमेरिकेत केनेथ आणि मेमी क्लार्क या मानसशास्त्रज्ञ दांपत्याने १९४०च्या सुमारास तीन ते सात वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलांपुढे गोऱ्या आणि काळ्या बाहुल्या ठेवल्या होत्या. बहुतेक मुलांनी गोरी बाहुली चांगली म्हणून निवडली. शाळांतला वर्णभेद रद्द करणाऱ्या १९५४च्या निकालात या कामाचा हवाला आहे. तीन वर्षांची मुलं! आपण नवव्या वर्षी ‘सांगू की नको’ म्हणून बसतो, तोवर ऐकून-बघून त्यांचं बरंच शिकून झालेलं असतं.

आजींना दोष देऊन मोकळं व्हायची आईची तयारी होती. मी तिला थांबवलं. त्याच आजी वर्षानुवर्षं आपल्या शहरातल्या भडकल दरवाज्यावरून जात-येत आल्या आहेत. तो दरवाजा बांधला मलिक अंबरने: इथिओपियात जन्मलेला, गुलाम म्हणून विकला गेलेला, पुढे निजामशाहीचा कर्ताधर्ता झालेला हबशी. शहराचं मूळ, खडकी हे गाव वसवलं तेही त्यानेच, १६१० साली. आजींना हे तोंडपाठ आहे. नातीला ती गोष्ट त्यांनीच सांगावी, असं मी सुचवलं. सांगितली. छान रंगवून सांगितली म्हणे, आणि फोन ठेवताना पुन्हा “टोपी घाल गं, काळवंडशील” हेही म्हणाल्या.

मुलगी म्हणाली, “आजी, हा दुसरा रकाना आहे.” आजींना काही कळलं नाही.

उन्हाळ्यात आजी दोन महिने तिकडे जाणार आहेत. त्यांच्याशी आधी बोलून ठेवू का, असं आईने परवा विचारलं. मी म्हटलं, जरूर बोला, फोनवर, मुलगी समोर नसताना. तुम्ही मैत्रिणीबद्दलचं ते बोलणं हसण्यावारी नेलंत, तिथपासून सुरुवात करा. आणि मामाच्या स्थळांची चर्चा तोवर मिटली नसेल, तर ‘उजळ’वाल्या मामाशीही.