सत्तेचाळीस ऐकलं की ७४ का लिहितो?

प्रश्न : बाई, माझा मुलगा महापालिकेच्या मराठी शाळेत दुसरीत आहे. ‘सत्तेचाळीस लिही’ म्हटलं की ७४ लिहितो. एकशे पाच सांगितलं तर १००५. गृहपाठात मात्र ४७ = ४० + ७ असं बरोबर लिहून आणतो. ५२ मधून २७ वजा केले की त्याचं उत्तर ३५ येतं. वाचन चांगलं आहे. शिकवणीत रोज एक ते शंभर लिहून घ्यायला सांगतात, त्यावरून घरी रडारड होते. त्याला काही अध्ययन अक्षमता तर नसेल?
– एक आई, भांडुप

उत्तर : ताई, वाचन चांगलं आहे म्हणता, तर एवढ्या खुणांवरून तसं काही म्हणता येणार नाही. परळच्या शाळेत मी अठ्ठावीस वर्षं पहिली-दुसरीला शिकवलं. सत्तेचाळीसचे ७४ लिहिणारी मुलं दर वर्षी माझ्या वर्गात असायची. ती कानाला पडतं तसं लिहितात. ‘सत्ते’ आधी ऐकू येतं म्हणून ७ आधी, मग ‘चाळीस’चे ४. माझ्या वर्गात एक कानडी मुलगी होती. तिच्या घरी ४७ ला ‘नलवत्तेळु’ म्हणत, म्हणजे चाळीस आधी, सात नंतर. तिचा हात कधी उलटा गेला नाही.

२०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात ‘वीस एक’, ‘साठ दोन’ असं वाचन आलं, तेव्हा केवढा गदारोळ झाला आठवत असेल. गणित समितीच्या तेव्हाच्या अध्यक्ष मंगला नारळीकर यांनी या नव्या वाचनाची बाजू शांतपणे मांडली होती. सत्तेचाळीस हा शब्द जाऊ नये असं मलाही मनापासून वाटतं. पण घरी काही महिने दोन्ही म्हणा : ‘चाळीस सात, म्हणजे सत्तेचाळीस.’ एकोणपन्नासला तर विशेष जपा, कारण मुलाला त्यात पन्नासच ऐकू येतो आणि तो ५९ लिहून मोकळा होतो. एकोण म्हणजे एक कमी, हे त्याला पाच जुड्यांतून एक काडी काढूनच दाखवा.

जुड्या कसल्या, ते सांगते. जुन्या खराट्याचे हीर घ्या, बोटभर लांबीचे तुकडे करा आणि दहा-दहाला रबर लावा. जुड्या त्याच्याच हातून बांधून घ्या, तुम्ही आयत्या देऊ नका. दहाच्या नोटा आणि रुपयाची नाणी नंतर वापरा. नोट सोडून आत दहा रुपये दिसत नाहीत, जुडी सोडली की दहा काड्या दिसतात.

आता वजाबाकी. तुमच्या मुलाची खरी अडचण इथे आहे. ४७ = ४० + ७ हे तो आकडे बघून उतरवतो; संख्या फोडलेली नाही. माझ्या वर्गातल्या एका मुलीकडे मी ५२ काड्यांतून २७ मागितल्या. तिने दोन जुड्या दिल्या, दोन सुट्या काड्या दिल्या आणि थांबली. अजून पाच हव्या होत्या. उरलेल्या तीन जुड्यांकडे बघत राहिली, मग अगदी हळू विचारलं, ‘बाई, जुडी सोडू?’ मी नुसती मान हलवली. रबर निघेना, तेव्हा तिने दाताने ओढलं. काड्या जमिनीवर पसरल्या आणि तिने पाच मोजून माझ्या हातात ठेवल्या. हातचा तिला त्या दिवशी कळला.

म्हणून ५२ म्हणजे ५० + २ एवढ्यावर थांबू नका. ४० + १२, ३० + २२ अशाही फोडी करून घ्या. ४० + १२ दिसलं की १२ मधून ७ गेले ५, ४० मधून २० गेले २०, मिळून २५. दोनातून सात जात नाहीत म्हणून तो सातातून दोन काढतो, ते आपोआप सुटेल.

१००५ साठी लग्नपत्रिकेच्या पुठ्ठ्याच्या पट्ट्या कापा. १०० ची पट्टी तीन बोटं रुंद, ४० ची दोन बोटं, ७ ची एक. एकीवर एक ठेवायच्या, उजव्या कडा जुळवून. १०० वर ५ ठेवला की तो शेवटच्या शून्यावर बसतो आणि १०५ दिसतं. पट्टी उचलून बघू द्या, खालचं शून्य तिथेच असतं. माझी मुलं हे पुन्हा पुन्हा उचलून बघायची.

रोजचं एक ते शंभर लिहिणं सध्या बंद करा. शिकवणीच्या बाईंना माझं नाव सांगा हवं तर. पंधरा दिवसांनी त्याच्यासमोर ६३ काड्या ठेवा, २८ मागा आणि काहीही सुचवू नका. त्याचा हात जुडीच्या रबराकडे गेला, की वहीतली वजाबाकी पुन्हा काढा.