वॉटर पोलो : पाण्यातून काठावर

प्रश्न : ऑलिम्पिक पदक मिळवलेला वॉटर पोलोपटू राष्ट्रीय प्रशिक्षक म्हणूनही चमकतो का?

हमखास नाही, पण उदाहरणं ठसठशीत आहेत. रात्को रुदिच १९८० साली मॉस्कोत युगोस्लाव्हियाकडून खेळले, रौप्यपदक मिळालं. चारच वर्षांनी लॉस एंजेलिसला त्याच देशाने सुवर्ण जिंकलं तेव्हा ते प्रशिक्षक होते. पुढे १९८८ ला पुन्हा युगोस्लाव्हिया, १९९२ ला इटली, २०१२ ला क्रोएशिया. १९९२ च्या इटालियन संघात सान्द्रो काम्पान्या होते. त्यांनी आधी ग्रीसचा संघ सांभाळला, मग इटलीला २०११ आणि २०१९ मध्ये जगज्जेतेपद मिळवून दिलं. सर्बियाच्या देयान साविचना खेळाडू म्हणून ऑलिम्पिक सुवर्ण कधीच मिळालं नाही. प्रशिक्षक म्हणून रिओ आणि टोकियो, लागोपाठ दोन मिळाली. पदकांमुळे ड्रेसिंग रूममध्ये पहिल्या दिवसापासून मान मिळतो, एवढंच. पाण्यातलं दिसणं आणि काठावरून दिसणं यांत फार फरक आहे, आणि ते नव्याने शिकावं लागतं.

प्रश्न : म्हणजे नेमकं काय शिकायचं?

सगळ्यात आधी, पाण्याखालचं वरून ओळखणं. एगबीटर किक, म्हणजे तरंगत राहण्यासाठी पाय आलटून-पालटून गोल फिरवणं, चुकते आहे हे पाय न दिसताही कळतं. खांदे वरखाली हलत असतील तर पाय आलटून-पालटून फिरत नाहीत, दोन्ही एकदम मारले जाताहेत. हात सारखे पाण्यावर टेकत असतील तर किकमध्ये पुरेसा जोर नाही. कंबर खाली गेलेला बचावपटू हात वर काढू शकत नाही. मग तो समोरच्याला धरतो आणि शिट्टी वाजते. स्वतः उत्तम खेळलेल्याला हे सगळं अंगवळणी पडलेलं असतं, म्हणून शब्दांत सांगायला तोच सर्वात जास्त अडखळतो. ‘असं कर’ म्हणून पाण्यात उडी मारून दाखवणं सोपं, पण त्या वेळी बाकीच्यांवर नजर राहत नाही.

टाइमआउट एक मिनिटाचा. त्यातला बराच वेळ खेळाडू काठाशी येण्यात आणि दम घेण्यात जातो. दोनच सूचना द्या, तिसरी कुणाच्या लक्षात राहत नाही.

प्रश्न : फाउलमुळे प्रतिस्पर्ध्याचा एक गडी थोडा वेळ बाहेर काढलेला असतानाचा, सहा विरुद्ध पाच हल्ल्याचा सराव कसा बसवावा?

सामने बहुतेकदा इथेच फिरतात, म्हणून जरा सविस्तर. नेहमीची रचना चार-दोन : गोलपासून दोन मीटरच्या रेषेवर चौघं, म्हणजे (जागांच्या क्रमांकाने) गोलच्या दोन्ही खांबांसमोर २ आणि ३, बाजूंना १ आणि ४, मागे ५ आणि ६. डावखुरा असेल तर गोलकडे तोंड केल्यावर उजव्या बाजूला ठेवा, त्याचा फेकीचा हात आतल्या बाजूला राहतो. आधी बचावाशिवाय नुसते पास. चेंडू पाण्याला लागता कामा नये. मग हात वर केलेले पाच बचावपटू, मग गोलरक्षक, शेवटी घड्याळ. बाहेर काढलेला गडी परत येईपर्यंत हातात जेमतेम काही सेकंद असतात. त्यात पास हातात न बसता पाण्यात पडला की तो उचलेपर्यंत बचाव सरकून जागा बंद करतो.

सगळ्यात जास्त चूक २ आणि ३ कडून होते. उतावीळपणे ते चेंडूच्या पुढे दोन मीटरच्या आत सरकतात आणि चेंडू प्रतिस्पर्ध्याला जातो. हा सराव ताज्या दमाने घेऊन फारसा उपयोग नाही. जोरात पोहण्याच्या फेऱ्यांनंतर लगेच घ्या. सामन्यातही दम लागलेलाच असतो.

प्रश्न : संघ निवडताना माजी खेळाडू कुठे फसतात?

आपल्यासारखा खेळणारा शोधण्यात. संघात दोन गोलरक्षक धरले की बाकी जागा मोजक्याच उरतात. सेंटर फॉरवर्ड (गोलसमोर मध्यभागी हल्ला करणारा) आणि सेंटर बॅक (त्याला अडवणारा) या जागांवर किमान दोन-दोन हवेतच. तिथली झटापट सतत चालते आणि तीन वैयक्तिक फाउल (बाहेर काढण्याइतके किंवा पेनल्टीचे) झाले की खेळाडू सामन्यातून बाद. तिसऱ्या सत्रात पर्यायच उरला नाही, तर दोष निवडीच्या कागदाचा.